आरसा काढा, हाक ठेवा

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे मी काही चुकीचे समजलो असेन तर ते इथेच दिसेल. तुम्ही नाशिकला अंबडच्या औद्योगिक वसाहतीत नोकरी करता, रजा साठवून ४ दिवस मोकळे केले आहेत, हाताशी स्वतःचा मिररलेस कॅमेरा आणि ७० हजार रुपये आहेत, आणि त्यात १५ मिनिटांचा प्रायोगिक लघुपट करायचा आहे. नायिका ४५ वर्षांची. माहेरची ती सुमन, लग्नात वैशाली झाली, आणि संसाराची २० वर्षे उलटल्यावर आता तिसरे, स्वतः निवडलेले नाव घेऊन नव्याने उभी राहू पाहते. पटकथेत संवाद नाहीत. आरसे आहेत, मुखवटे आहेत, रामकुंडाच्या पाण्यातले प्रतिबिंब आहे, सापाची कात आहे, पासपोर्टची कोरी पाने आहेत आणि शेवटी एकाच चौकटीत तिची ५ रूपे आहेत. ज्यांना पटकथा वाचायला दिली ते सगळे म्हणाले, ‘छान आहे, पण कळली नाही.’ प्रायोगिकपणा न सोडता ती लोकांपर्यंत पोहोचवायची कशी, हा तुमचा प्रश्न.

पटकथा मी तीनदा वाचली. विषय तुम्हाला आतून लागलेला आहे हे पानापानावर जाणवते, म्हणूनच स्पष्ट लिहितो. कळणे न कळणे ही इथली खरी अडचण नाही. अडचण ही आहे की संपूर्ण पटकथेत तुमच्या नायिकेला एकही माणूस हाक मारत नाही.

मराठीत ‘ओळख’ हा शब्द एकट्या माणसाचा नाही. आपण ओळख करून देतो, ओळख वाढवतो, ओळख ठेवतो. रस्त्यात कोणी तोंड फिरवून गेले तर त्याने ओळख दाखवली नाही असे म्हणतो. प्रत्येक वेळी त्या शब्दाच्या पोटात दुसरा माणूस उभा असतो. आरशासमोरच्या बाईकडे मात्र फक्त चेहरा असतो, आणि चेहरा म्हणजे ओळख नव्हे. तिने नाव बदलले तर ते नाव उच्चारणार कोण, चुकणार कोण, मुद्दाम जुन्याच नावाने बोलावणार कोण आणि न सांगता नवे नाव उचलणार कोण, या चार प्रश्नांत तुमचा लघुपट आहे. त्यांपैकी एकही आरशात दिसत नाही.

हे मी पुस्तकी तर्काने सांगत नाही. आपल्या गावातच त्याची उदाहरणे आहेत. कुसुमाग्रजांचे जन्मनाव गजानन रंगनाथ शिरवाडकर. दत्तक गेल्यावर ते विष्णु वामन शिरवाडकर झाले. ही दोन्ही नावे इतरांनी दिली. तिसरे त्यांनी स्वतः घेतले, आणि त्या नावाचा अर्थ काय, तर कुसुमचा थोरला भाऊ. पूर्ण मोकळीक असतानाही कवीने निवडलेले नाव बहिणीला धरून उभे राहिले. त्र्यंबकेश्वरला जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी चित्रपटाकडे वळण्याआधी जादूचे प्रयोग केले, तेव्हा ते स्वतःला ‘प्रोफेसर केळफा’ म्हणवून घेत. फाळके हे आडनाव उलटे वाचले की झाले केळफा: नाव नवे, अक्षरे सगळी जुनी. तुमच्या नायिकेचे तिसरे नाव अजून पक्के ठरले नसेल तर ते ठरवताना या दोन नावांचा विचार करा. पटकथेत तिने शब्दकोशातून एक सुंदर शब्द उचलला आहे. तिच्या आयुष्यातल्या कोणाचाही त्या शब्दाला स्पर्श नाही, आणि म्हणून प्रेक्षकही त्याला स्पर्श करू शकत नाही.

आता काय काढायचे ते सांगतो. आरसा काढा. फार वर्षांपूर्वी मी संकलित केलेल्या एका लघुपटात आरशाची सात दृश्ये होती आणि ती टिपायला आम्ही दोन दिवस घालवले होते. पडद्यावर पाहताना लोक त्या माणसाकडे पाहत नव्हते, कॅमेरा कुठे लपवला असेल ते शोधत होते. मुखवटे काढा, कारण मुखवटा दिसताक्षणी प्रेक्षक त्याचा अर्थ लावून मोकळा होतो आणि पुढे पाहायचे थांबतो. सापाची कात काढा. साप कात टाकतो तेव्हा तो तोच साप राहतो, म्हणजे ती प्रतिमा तुमच्या म्हणण्याच्या उलट साक्ष देते. पासपोर्टची पुस्तिका नाशिकरोडच्या प्रेसमध्ये छापली जाते, म्हणून ते दृश्य तुम्हाला सुचले असावे आणि सुचणे स्वाभाविक आहे, पण तिथे कॅमेरा नेता येणार नाही आणि त्याची गरजही नाही.

ठेवायची ती एकच प्रतिमा, जी तुम्ही नवव्या पानावर दोन ओळींत उरकली आहे: लग्नात तांदळाने भरलेल्या ताटात नवरा अंगठीने बायकोचे नवे नाव लिहितो. माझ्या मते हा तुमच्या लघुपटाचा पाया आहे. पितळी ताट, त्यात पसरलेले तांदूळ, अंगठीच्या कडेने उमटलेला ‘वै’ आणि त्याच्या कडांवर घरंगळणारे दाणे. ताट उचलले की अक्षरे भरून येतात. ज्या गोष्टीवर ती बाई २० वर्षे जगणार आहे ती लिहिली कशावर जाते, तर दुसऱ्या दिवशी शिजणाऱ्या धान्यावर. हे दृश्य थेट वरून, कॅमेरा ताटावर सरळ रोखून टिपा. हात दिसू द्या, चेहरे नकोत. नाव लिहून झाल्यावर कोणी तरी ताट बाजूला सरकवते इथपर्यंत थांबा. लग्नाचा बाकी थाट दाखवू नका. तो आवाजात पुरेसा आहे.

आता प्रायोगिकपणाकडे येतो. माझ्या अनुभवात प्रायोगिक लघुपट फसतो तो बहुधा प्रयोग कमी पडल्यामुळे नव्हे, तर एकाच वेळी दहा प्रयोग केल्यामुळे. प्रयोग म्हणजे स्वतःला घालून घेतलेला एक नियम, तोही विषयातून निघालेला, आणि शेवटपर्यंत न मोडलेला. गोदाघाटावरचा दुतोंड्या मारुती आठवा. पुराच्या दिवसांत नाशिककर पाण्याचा आकडा विचारत नाही. पाणी मारुतीच्या कमरेला लागले की छातीला, हे विचारतो. मूर्ती जागची हलत नाही म्हणून पाणी किती चढले ते कळते. (त्याला दोन तोंडे आहेत म्हणून दुहेरी व्यक्तिमत्त्वाचे प्रतीक करण्याचा मोह होईल, तो टाळा.) फाळक्यांनी १९१२ साली भांडवलदारांची खात्री पटवण्यासाठी केलेला छोटा चित्रपट याच तत्त्वावर होता: कॅमेरा स्थिर, समोर रुजलेले वाटाण्याचे बी आणि ठरावीक अंतराने टिपलेली एकेक चौकट. रोप वाढताना दिसले ते कॅमेरा हलला नाही म्हणून. तुमच्या लघुपटात सध्या सगळेच बदलते: जागा, प्रकाश, वेश, भिंगे, वेग. त्यामुळे बाई बदलली हे कशाच्या तुलनेत पाहायचे ते प्रेक्षकाला सापडत नाही.

म्हणून माझी सूचना अशी. जुन्या नाशकात ओटा आणि चौक शाबूत असलेला एखादा वाडा मिळवा. ओट्यावर बसून ती तेच ताट मांडीवर घेऊन तांदूळ निवडते आहे. कॅमेरा तिच्या पाठीमागे थोडा तिरका, म्हणजे खांदा, कान, अर्धा गाल आणि हात दिसतील. तिला हाक मारणारे माणूस चौकटीबाहेर, कॅमेऱ्याच्या मागे. हाक येते, ती वळते, दृश्य तुटते. हेच दृश्य पाचदा, त्याच चौकटीत. बदलणार फक्त हाक, आणि हाकेला तिच्या शरीराने दिलेले उत्तर.

पहिली हाक माहेरची: ‘सुमे!’ दुसरी सासूची: ‘वैशाली’, आणि इथे ती वळायला क्षणभर उशीर करते, कारण ते नाव अजून तिचे झालेले नाही. तिसरी हाक तुम्ही पटकथेत पूर्णपणे विसरला आहात, आणि आयुष्यात तीच सर्वांत जास्त वेळा ऐकू येते: ‘आई’. २० वर्षे त्या घरात तिला वैशाली असे फारसे कोणी म्हटलेले नसणार. ज्या माणसाने तांदळात नाव लिहिले तो तिला ‘अगं, ऐकलंस का’ म्हणतो. घरोघरचे हे वास्तव तुमच्या विषयाचे मर्म आहे. नाव बदलून घेतले आणि मग ते वापरलेही नाही. चौथी हाक पुन्हा ‘सुमन’, शाळेतल्या मैत्रिणीच्या आवाजात. पाचवी नव्या नावाची. नात्यांप्रमाणे संबोधन बदलत जाऊ द्या, सुमे, अगं, वहिनी, ताई, मावशी. मराठीत माणसाची पायरी या शब्दांनीच ठरते, तेव्हा संवाद नसले तरी भाषा तुमच्या हाती आहे.

अभिनयाचा सगळा भार मानेवर आहे. जुने, लहानपणीचे नाव ऐकले की मान आधी वळते आणि विचार नंतर येतो. सवयीच्या नावाला आधी बोटे थांबतात, मग नजर उचलते, मग मान. नव्या नावाला पहिल्या हाकेत बोटे थांबतच नाहीत. दुसऱ्या हाकेला ती दाण्यांवर थबकतात. हा क्रम नटीला समजावून सांगितलात तर ती तो करून दाखवेल, आणि करून दाखवलेले दिसेलच. त्यापेक्षा हाक प्रत्यक्ष तिथेच, तिला अपेक्षित नसलेल्या क्षणी मारायला लावा. दोन मिनिटे निवडू द्या, चार मिनिटे निवडू द्या. नटीच्या माहेरच्या माणसांकडून तिचे स्वतःचे लाडके नाव विचारून घ्या आणि एखाद्या टेकमध्ये त्या नावाने हाक द्या. संकलनात आवाज बदलता येतो, मानेची ती खरी हालचाल मात्र पुन्हा मिळत नाही. असे काही घडू शकते याची कल्पना मात्र तिला चित्रीकरणाआधी द्या आणि तिची संमती घ्या. माणसाला फसवून मिळवलेला क्षण वापरू नये, विशेषतः असा लघुपट करताना.

५ रूपे एका चौकटीत बसवण्याचे दृश्य तुम्हाला प्रिय आहे हे मला दिसते. माया डेरेन आणि अलेक्झांडर हॅमिड यांच्या १९४३ सालच्या लघुपटात एकाच स्त्रीची रूपे एका टेबलाभोवती बसतात, त्याचा ठसा तुमच्या मनावर असणार. पण तिथे ते दृश्य पेलते कारण त्याआधी ती बाई त्याच घरात पुन्हापुन्हा आलेली असते आणि तीच किल्ली, तीच सुरी आपण अनेकदा पाहिलेली असते. म्हणजे तिथेही आधी आवर्तन आहे, मग रूपे. फाळक्यांच्या ‘लंकादहन’मध्ये १९१७ साली अण्णा साळुंके या एकाच नटाने राम आणि सीता दोघेही उभे केले, प्रेक्षकाला एकच शरीर वेगवेगळे माणूस म्हणून स्वीकारायला लावायला चमत्कृती लागत नाही. तुमच्या पाच हाका नीट जमल्या तर ५ रूपे आपोआप उभी राहतील, एकत्र बसवावी लागणार नाहीत.

तरीही करायचेच असेल तर माझ्या चुकीतून शिका. एका वाड्यात आम्ही नटाला आधी चौकटीच्या डाव्या बाजूला आणि मग वेश बदलून उजव्या बाजूला टिपले. मधल्या ४० मिनिटांत झरोक्यातून येणारे ऊन वीतभर सरकले. संकलनाच्या टेबलावर दोन्ही भाग जोडले तेव्हा जमिनीवर प्रकाशाचा तुटका पट्टा स्पष्ट दिसत होता आणि तो कशानेही जाईना. तो लघुपट त्याच दृश्याशिवाय पूर्ण करावा लागला. बंद खोली, कृत्रिम प्रकाश आणि एकमेकांच्या भागात न शिरणारी सावली, या तीन गोष्टी हातात असल्याशिवाय त्या वाटेला जाऊ नका.

ओट्यावरचे दृश्य चारही दिवस एकाच वेळी घ्या. समजा सकाळी ८.३० ते १०. तिपाईच्या तिन्ही पायांच्या जागा फरशीवर चिकटपट्टीने आखून ठेवा, कॅमेऱ्याची जमिनीपासूनची उंची वहीत लिहा, भिंग एकच ठेवा, प्रकाशमान, व्हाइट बॅलन्स (उजेडाप्रमाणे रंग जुळवणे) आणि फोकस सगळे हाताने ठरवा. स्वयंचलित काहीही नको, कारण कॅमेरा स्वतःहून उजेड सावरू लागला की पाच दृश्यांतला सारखेपणा मोडतो. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची आहे, तेव्हा सेकंदाला २५ चौकटी आणि शटरचा वेग १/५० सेकंद ठेवा, म्हणजे बँकेतल्या किंवा दुकानातल्या ट्यूबलाइटखाली चित्र लपलपणार नाही. ताटातल्या तांदळाची पातळी, पदराची घडी, ओट्यावरच्या सूपाची दिशा यांचे फोन कॅमेऱ्याने फोटो काढून ठेवा.

पैसा आवाजावर खर्च करा. ७० हजारांतला मोठा वाटा मी चांगल्या ध्वनिमुद्रकाला आणि नटीला देईन. हाका बंद खोलीत मुद्रित करून नंतर आवाज कमी-जास्त करू नका. सासू स्वयंपाकघरातून हाक मारणार असेल तर ती बाई खरोखर स्वयंपाकघरात उभी हवी. भिंती, चौक, मधले दार हे सगळे त्या हाकेत मिसळून येते आणि त्यावरून प्रेक्षकाला नात्यातले अंतर कळते. प्रत्येक सत्रात पूर्ण १ मिनिट सगळ्यांनी गप्प राहून त्या जागेचा आवाज टिपा. पार्श्वसंगीत ठेवू नका. दाणे ताटात पडतात त्याचा आवाज तुमच्याकडे आहे, आणि हाकेपूर्वी तो थांबतो की नाही, एवढ्यावर प्रेक्षक कान लावून बसेल.

आणखी एक दृश्य सुचवतो, तेही चेहऱ्याशिवाय. बँकेचा अर्ज, निळ्या शाईचे पेन. २० वर्षे ती वैशाली अशी सही करत आली आहे. आता नवे नाव लिहायचे. पेन टेकते, हात आपोआप ‘व’चा गोल काढू लागतो, अर्ध्यावर थांबतो, टोक कागदावर तसेच टेकून राहते आणि तिथे शाईचा ठिपका मोठा होत जातो. मग काउंटरपलीकडून अर्ज परत सरकतो. ‘सही जुळत नाही,’ एवढे एकच वाक्य. हाताला नवे नाव शिकवायला मनापेक्षा जास्त वेळ लागतो हे त्या ठिपक्यात येते. त्यालाच जोडून राजपत्राचा कागद दाखवा. नाव बदलल्याच्या नोंदीत जुने नाव आणि नवे नाव सोबतच छापलेले असते, आणि पुढे प्रत्येक जुन्या कागदाबरोबर तो उतारा जोडावा लागतो. नवे नाव सिद्ध करण्यासाठी जुने नाव जन्मभर बरोबर बाळगायचे, ही वस्तुस्थिती तुमच्या मुखवट्यांपेक्षा कितीतरी बोलकी आहे. कथेत नुकतेच जन्मलेले मूल आणायचे असेल तर हेही लक्षात घ्या की १ मे २०२४ पासून जन्मलेल्यांच्या नावात राज्याच्या शासकीय कागदपत्रांवर आईचे नाव लिहिले जाते. आईचे नाव, पण कोणते?

रामकुंडावर चित्रीकरण करणार असाल तर दिवस आणि परवानगी ठरवण्याआधी एकदा कॅमेरा न नेता पहाटे जाऊन बसा. तिथे लोक अस्थी घेऊन येतात. त्यांचे चेहरे आपल्या दृश्याची पार्श्वभूमी होऊ नयेत. पांडवलेणी पुरातत्त्व खात्याच्या ताब्यात आहेत, चित्रीकरणाला त्यांची रीतसर परवानगी लागते. पण पटकथेतले ते दृश्य मला तसेही अनावश्यक वाटते. सेन्सॉर प्रमाणपत्राची चिंता आत्ता करू नका. चित्रपटगृहात जाहीर खेळ करायचा असेल तर ते लागेल. महोत्सवांची आणि इंटरनेटची व्यवस्था वेगळी आहे.

लांबी १५ मिनिटांवरून ९ वर आणा. पाचपैकी पहिले दृश्य ५० सेकंदांचे असले तरी चालेल, कारण प्रेक्षक अजून जागा पाहतो आहे. दुसरे ३५, तिसरे ‘आई’चे ८ किंवा १० सेकंदांत संपावे, कारण त्या हाकेला ती विचारच करत नाही. चौथे पुन्हा लांबवा. शेवटची हाक नवऱ्याने किंवा मुलाने मारू नये. ती शेजारच्या खोलीतल्या लहान मुलीने मारावी, जी नुकतीच वाड्यात राहायला आली आहे आणि जिला आधीची दोन्ही नावे ठाऊकच नाहीत. तिच्या दृष्टीने या बाईचे एकच नाव आहे. पहिल्या हाकेला बोटे चालूच राहतील, दुसरीला थांबतील, मान वळेल. बहुतेक दिग्दर्शक इथे कापतात. तुम्ही कापू नका. त्या मुलीला काय हवे होते ते आम्हाला ऐकू येऊ द्या. आईने वाटीभर साखर मागितली आहे, एवढेच. बाई ताट ओट्यावर ठेवून आत जाईल, निवडलेले तांदूळ एका कडेला आणि न निवडलेले दुसऱ्या कडेला तसेच राहतील, आतून डब्याचे झाकण उघडल्याचा आवाज येईल. तेवढे २० सेकंद चौकट हलवू नका.